पुनावळ्यातली भरती

चिमाजी ढवळे सकाळचा चहा उभ्यानंच प्यायचा. सायकल ओट्याला टेकवलेली, हँडलला भाकरीच्या डब्याची पिशवी, एक पाय खालच्या पायरीवर. पुनावळ्याहून चिंचवडवरून पिंपरीला जायचं म्हणजे रस्ता थोडा आणि खड्डे फार, आणि औषधांच्या नव्या कारखान्यात बॉयलरवरचा पहिल्या पाळीचा माणूस उशिरा आलेला चालत नसे. त्या दिवशी त्यानं पहिला घोट घेतला आणि कप तोंडापासून बाजूला धरला.

"चहात मीठ पडलंय."

"गूळ घातलाय, मीठ कुठलं?" त्याची बायको अंबूबाई चुलीपासून म्हणाली. "पानीच तसं हाय. आपली हीर आटली, म्हनून काल सांजच्याला गवराबाईच्या हिरीवरनं आनलं. बाया म्हनतच व्हत्या, तिचं पानी बिघडलंय म्हनून."

चिमाजीनं दुसरा घोट घेतला आणि तो तोंडातच थोडा वेळ धरून ठेवला. ही चव त्याला ओळखीची होती. नुसती खारट नाही, मागाहून कडसर, आणि घशाच्या आत बुळबुळीत. त्यानं कप खाली ठेवला आणि सायकलवर टांग टाकली.

वाटेत त्यानं स्वतःची समजूत घातली. वैशाख चालू होता, छप्पन साल कोरडंच उजाडलं होतं. पाणी खोल गेलं की मुरमातले क्षार वर येतात. बॉयलरचा काटा पडला तर कुठेतरी गळती असते, तसं प्रत्येक गोष्टीला काही ना काही कारण असतं, यावर चिमाजीचा भरवसा होता. पण गवराबाईचं नाव निघालं की तो विषय का बदलायचा, याचं कारण शोधायच्या भानगडीत तो कधी पडला नव्हता. ते त्याला ठाऊक होतं.

गवराबाई मुरारीची बायको. मुरारी आणि चिमाजी एकाच आळीतले, एकाच वयाचे. लढाईच्या दिवसांत दोघं पुण्याला जाऊन नेव्हीत भरती झाले. खरं म्हणजे भरती व्हायचं चिमाजीनं ठरवलं आणि मुरारीला बरोबर ओढलं. मुरारीचं नवीन लग्न झालेलं, त्याच्या मनात नव्हतं. पण चिमाजीनं मुंबई अशी रंगवून सांगितली, बोटींचं असं वर्णन केलं, की तो हो म्हणाला. दोघांना 'खानदेश' नावाच्या बोटीवर स्टोकर म्हणून घेतलं. समुद्रात पेरलेले सुरुंग काढायचं तिचं काम. खाली बॉयलरसमोर दोघं शेजारी उभे राहून कोळसा टाकायचे. मग एका पावसाळ्यात चिमाजीला कावीळ झाली. त्याला गोदीजवळच्या दवाखान्यात ठेवलं, आणि 'खानदेश' त्याच्याशिवाय निघाली. ती परत आली नाही. बोट कुठे बुडाली, कशी बुडाली, हे कुणालाच कळलं नाही.

गावी जी तार आली तीत मुरारी बेपत्ता असल्याचं म्हटलं होतं. गवराबाईनं तो एक शब्द धरून ठेवला. तिनं कुंकू पुसलं नाही, बांगड्या फोडल्या नाहीत. आणि चिमाजी, लढाई संपल्यावर गावी येऊन इतकी वर्षं झाली तरी, तिच्या दारात गेला नव्हता. आज जाऊ, उद्या जाऊ असं करता करता न जाणंच अंगवळणी पडलं. वाटेत ती दिसली तर तो सायकलची साखळी बघायला खाली वाकायचा.

रविवारी मुरारीचा थोरला भाऊ सोनबा स्वतःच बोलवायला आला.

"तू समिंदरावर राहिलेला मानूस. एकडाव बघून सांग. हीर बाटली, का कुनी काय टाकलं. पेरनीच्या आत पानी सुधारलं न्हाई तर मी मुरूम टाकून बुजवनार हाय. वांग्याची पानं करपली सगळी. जनावर तोंड लावंना."

मुरारीच्या वाटणीचं रान गावाच्या खालच्या अंगाला, पवनेच्या बाजूला होतं. विहीर जुनी, काळ्या घडीव दगडांची, एका बाजूनं आत उतरायला पायऱ्या. काठावर मोटेची धाव, आणि दुसऱ्या बाजूला बायांनी पाणी शेंदायचा लाकडी रहाट. चिमाजी पायऱ्यांच्या तोंडाशी आला आणि त्याला पहिल्यांदा वास आला. विहिरीला थंड शेवाळाचा वास असतो. हा वास डांबराचा, ओल्या दोराचा, जळक्या तेलाचा होता.

पाणी बरंच वर होतं. भोवतालच्या सगळ्या विहिरींचा तळ दिसत असताना हिचं पाणी वर. आणि पाण्याच्याही वर, बऱ्याच पायऱ्यांपर्यंत, दगड ओला होता.

"कुनी पानी शिंपडलं का हितं?"

"कोन शिंपडतंय?" सोनबा म्हणाला. "कवा वर असतं, कवा खाली. मी त्येच म्हनतोय."

चिमाजी खाली उतरला. ओल्या दगडावर हात फिरवला आणि चटकन मागे घेतला. बोटाला बारीक कापलं होतं. दगडाला धारदार, पांढरे, नखाएवढे शिंपले चिकटून बसले होते. असे शिंपले त्यानं फक्त एकाच ठिकाणी पाहिले होते, गोदीच्या भिंतीला. पाण्यावर तेलाचा पातळ तवंग होता आणि उन्हात त्याचे रंग सावकाश फिरत होते.

सोनबा जेवायला घरी गेला. चिमाजी मात्र बाभळीच्या सावलीत बसून राहिला. त्याला एक खात्री करून घ्यायची होती, आणि ती होऊ नये असंही वाटत होतं. ऊन चढलं तसं पाणी खाली गेलं, एकेक पायरी उघडी पडत गेली. खालची माती दिसायला लागली, काळी, चिकट. मग काही वेळ काहीच हललं नाही. आणि दुपार कलल्यावर, कुठूनही झरा वाहताना दिसत नसताना, पाणी पुन्हा वर यायला लागलं. पायरीशी येऊन थबकायचं, थोडं मागे सरायचं, मग पुन्हा थोडं पुढे.

मुंबईच्या धक्क्यावर बसून त्यानं आणि मुरारीनं हे कितीदा बघितलं होतं. मुरारीला आधी ते खरंच वाटायचं नाही. एवढं पाणी जातं कुठे, असं तो लहान पोरासारखं विचारायचा.

दुसऱ्या दिवशी चिमाजीनं एक बाटली भरून कारखान्यात नेली. प्रयोगशाळेतले उद्धवराव केमिस्ट होते, पुण्याहून गाडीनं यायचे, स्वभावानं मोकळे. त्यांनी दुपारी बाटली परत दिली.

"मुंबईहून कोण आलंय तुमच्याकडे?"

"का साहेब?"

"समुद्राचं पाणी आहे हे. बंदरातलं असावं, तेल आहे त्यात. कशाला तपासायला दिलंत?"

"आमच्या गावच्या विहिरीतलं आहे."

उद्धवराव हसले. चिमाजी हसला नाही, तेव्हा त्यांनीही हसू आवरलं. "बाटली आधी कशाची होती ते बघा," ते म्हणाले आणि कामाला लागले.

प्रयोगशाळेत मुंबईचं वर्तमानपत्र यायचं. त्यात एका कोपऱ्यात भरती-ओहोटीच्या वेळा छापलेल्या असत. चिमाजी तो आठवडाभर ते पान बघून घरी यायचा आणि सायकल थेट विहिरीकडे वळवायचा. वेळा रोज थोड्या थोड्या पुढे सरकत होत्या. विहीरही त्याच अंतरानं सरकत होती. मुंबईच्या बंदरात पूर्ण भरती असे तेव्हा पुनावळ्यातल्या त्या काळ्या पायऱ्या बुडालेल्या असत.

आठवड्याच्या शेवटी तो विहिरीवर आला तेव्हा गवराबाई काठावर बसली होती. त्याच्याकडे तिची पाठ होती.

"वहिनी," तो म्हणाला.

तिनं मागे वळून पाहिलं नाही. "वाट सापडली व्हय भावजी? लई वरसं लागली."

तो थोडा लांब, खाली बसला. तिच्या बाजूला पितळी चरवी होती, लख्ख घासलेली, काठोकाठ पाण्यानं भरलेली. चरवीच्या तोंडावर धुतलेलं फडकं टाकलं होतं.

"नदीचं पानी हाय," ती म्हणाली. "गोडं."

चिमाजीनं काय म्हणायचं ठरवलं होतं ते तो विसरला. निघालं ते दुसरंच. "मी त्या बोटीवर न्हवतो. मला कावीळ झाली व्हती."

"ठावं हाय."

"दवाखान्याच्या खिडकीतनं गोदी दिसायची. बोट निघाली तवा मुरारी वर डेकवर आला व्हता. खिडकीकडं बघून त्यानं हात केला. मला दिसला. मी हात केला का न्हाई, त्ये काय केल्या आठवत न्हाई."

गवराबाईनं फडक्याचा कोपरा सारखा केला. "ह्ये सांगाया आला असता तर बरं झालं असतं," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. "लई दिस मी वाट बघितली, आज येतील, उद्या येतील. काय खात व्हते, कुटं निजत व्हते, कुनाशी बोलत व्हते, तुमच्याबिगर मला सांगनार कोन व्हतं? मग वाट बघायची सोडली."

चिमाजी मातीकडे बघत राहिला.

"शेवटच्या सुट्टीला आले," ती पुढे म्हणाली, "तवा निघताना त्यांनी पानी मागितलं. दारात हुबं ऱ्हावून. मी चूल फुंकत बसले. पुन्यांदा मागितलं. मी मागं बघितलंच न्हाई. म्हनले, तुमच्या समिंदरात लई पानी हाय, तितं प्या जावा." तिनं चरवीच्या काठावर हात फिरवला. "तसंच गेले. मी म्हनत व्हते, पुढच्या सुट्टीला पायावर डोकं ठिवीन."

मग ती उठली. फडकं चरवीच्या तोंडाभोवती सुतळीनं बांधलं, बायका बांधतात तशी साधी, दोनदा फिरवलेली गाठ. चरवीच्या कानाला रहाटाचा दोर अडकवला आणि ती हळूहळू खाली सोडली. पाणी वर आलेलं होतं, वेळ भरतीची होती. चरवी बुडाली. दोर थोडा वेळ सैल राहिला. मग ताणला गेला, एकदा, दोनदा, जसं खालून कुणी तो हातात घेऊन बघावं. मग पुन्हा सैल.

"आता वडा," ती म्हणाली.

चिमाजीनं रहाट फिरवला. चरवी हलकी लागली. ती वर आली तेव्हा तिच्यावरून खारं पाणी निथळत होतं. फडकं जागच्या जागी होतं. गवराबाईनं ते सोडलं नाही, तशीच चरवी त्याच्यासमोर धरली.

"बघा."

सुतळीची गाठ बदललेली होती. ती खलाशांची गाठ होती, चपटी, घट्ट, बोटीवर पहिल्या महिन्यात शिकवतात ती. पण उलटी फिरवलेली. मुरारी डावखुरा होता. त्याच्या गाठी नेहमी उलट्या पडायच्या आणि त्यावरून त्याला खालचे सगळे स्टोकर चिडवायचे. चिमाजीनं ती सोडवली. त्याची बोटं आपोआप उलट्या बाजूनं फिरली, इतकी सवयीची. चरवी आतून कोरडी होती. तळाला, काठाला, कुठेही पाण्याचा थेंब नव्हता.

गवराबाईच्या चेहऱ्यावर भीती नव्हती. जेवून गेलेल्या माणसाचं ताट उचलावं तशी तिनं ती चरवी उचलली आणि मळ्याकडे गेली.

त्यानंतर चिमाजी पाळी सुटली की तिकडे जायला लागला. अंबूबाईनं एकदा विचारलं, रोज तिकडं काय असतं? तो म्हणाला, मुरारीच्या गोष्टी सांगतो वहिनीला. ते खोटं नव्हतं. भरतीची वाट बघत दोघं बसायची आणि तो बोलायचा. मुरारीला मासळी कधी आवडली नाही, तो बोटीवरसुद्धा मिरचीचा ठेचा शोधायचा. झोपायला कापडी झोळ्या टांगलेल्या असत, त्यातून तो पहिल्या दिवशी खाली पडला. पगार झाला की गवराबाईसाठी हिरव्या काचेच्या बांगड्या घ्यायचा आणि त्या रुमालात गुंडाळून ठेवायचा. ती कधी हसायची, कधी नुसती ऐकायची. चिमाजीला वाटायचं, हे दहा वर्षांपूर्वी सांगता आलं असतं. तेव्हा ती तरुण होती. ऐकून तिनं रडून घेतलं असतं, आणि कदाचित दुसरं काही आयुष्य उभं केलं असतं.

रोज चरवी जायची, रोज रिकामी यायची. आणि हळूहळू पाणी बदलायला लागलं. भरती आली तरी कमी पायऱ्या बुडायच्या. तवंग विरळ झाला. चिमाजीनं एक दिवस ओंजळ तोंडाला लावली, तर मचूळ लागली, पण घशाखाली गेली. सोनबानंही चव घेतली. "सुधारतंय," तो म्हणाला. "ऱ्हाऊ दे मग. बघू म्होरं."

मग एका दुपारी चिमाजी आला तर विहिरीचं पाणी पार वरपर्यंत चढलेलं. पहिल्या दिवसापेक्षाही वर. तवंग जाड, काळा. तेलाच्या वासानं डोकं फिरत होतं. वांग्याच्या ओळीला नुकती फुटलेली पालवी पुन्हा करपली होती. गवराबाई काठावर बसली होती आणि तिच्याजवळ चरवी नव्हती.

"पानी सोडलं न्हाई?" त्यानं विचारलं.

"न्हाई. कालबी न्हाई, परवाबी न्हाई."

"का वहिनी?"

"पानी गोडं व्हतंय भावजी. सगळं गोडं झालं की त्ये जातील."

विहिरीत आवाज झाला. चिमाजीनं कान दिला. पत्र्याच्या मगानं लोखंडावर हळूच ठोकावं तसा. टक, टक. मध्ये थांबून पुन्हा टक, टक. खाली बॉयलरच्या उष्म्यात घसा सुकला की स्टोकर असंच करायचे. वरच्या पाणीवाल्याला बोलवायचा तो आवाज होता.

"सकाळधरनं चाललंय," गवराबाई म्हणाली. तिनं पदर कानांवरून घट्ट घेतला होता. "पन मी दिलं तर पुन्यांदा एकलीच. इतकी वरसं नुसता दरवाजा बघत काढली. आता हितं हायती. दोर धरत्यात. गाठ मारून देत्यात. मी म्हनलं, थोडे दिस ऱ्हाऊ द्यात."

"सोनबा हीर बुजवंल."

"बुजवू दे. खाली असतील ना."

टक, टक.

चिमाजीला उठून निघून जावंसं वाटलं. आयुष्यभर त्यानं तेच केलं होतं. सायकल बाभळीला टेकलेली होती. पण तो आवाज काय मागतो ते त्या रानात फक्त त्यालाच कळत होतं.

"वहिनी," तो म्हणाला, "त्यो तहानलाय."

तिनं पदर आणखी घट्ट ओढला.

"मीबी तितं काम केलंय. ती तहान मला ठावं हाय. जीभ टाळ्याला चिकटती. त्याला ठिवून घेऊ नगा असा."

ऊन बाभळीच्या बुंध्यावरून सरकलं. मग ती उठली आणि घराकडे गेली. परत आली तेव्हा चरवी तिच्या कमरेवर होती. नदीवर जाऊन आली होती, लुगड्याचा काठ ओला होता.

या वेळी तिनं फडकं बांधलं नाही. चरवी उघडीच दोराला अडकवली.

"घ्या," ती विहिरीत वाकून म्हणाली. "माझ्या हातचं घ्या."

चरवी खाली गेली.

ठोकणं थांबलं.

दोर ताणला गेला. रहाटाचं लाकूड करकरलं. चिमाजीनं दोन्ही हातांनी खुंटी धरली. मग ओढ संपली, एकदम नाही, हळूहळू, एकेक बोट सुटावं तशी.

त्यानं रहाट फिरवला. दोर वर आला. टोकाला चरवी नव्हती. दोर तुटलेला नव्हता, सोडवलेला होता. त्याचं टोक कोरडं होतं.

दुसऱ्या दिवशी विहिरीचं पाणी खाली, आपल्या मूळ जागी गेलेलं होतं. चव गोड होती. शिंपले दगडावरून गळून पडले आणि पायऱ्यांवर त्यांचा पांढरा चुरा राहिला, तो सोनबानं खराट्यानं झाडून काढला. वर्तमानपत्रात भरतीची वेळ छापून येत राहिली. विहीर हलली नाही.

गवराबाईनं आळंदीला जाऊन दर्भाचा पुतळा करून मुरारीचे दिवस घातले. सोनबा आणि चिमाजी बरोबर गेले. इंद्रायणीच्या घाटावर तिनं स्वतःच्या हातानं कुंकू पुसलं. येताना बैलगाडीत, पुनावळं जवळ आलं तेव्हा, ती चिमाजीला ऐकू जाईल एवढ्याच आवाजात म्हणाली, "भावजी, गोडं पानी पिऊ वाटत न्हाई. खारं व्हतं तवा घरात मानूस असल्यावानी वाटायचं."

"आपन बरोबर क्येलं वहिनी."

"व्हय. बरोबरच क्येलं." आणि ती रस्त्याकडे बघत राहिली.

पाऊस झाला, पेरण्या झाल्या. चिमाजीचं येणं-जाणं आता चालूच राहिलं. अंबूबाईही गवराबाईकडे बसायला जायची. रहाट फार करकरतो म्हणून श्रावणातल्या एका सुट्टीच्या दिवशी चिमाजी कारखान्यातून तेलाची कुपी घेऊन आला. गवराबाई वरच्या रानात खुरपत होती. दुपारचं स्वच्छ ऊन पडलं होतं. विहीर भरली होती, पाणी नितळ, तळाचे दगड दिसावेत असं. एका कपारीत बेडूक ओरडत होता.

चिमाजीनं कण्याला तेल सोडलं. खुंटी फिरवून बघितली. आवाज गेला होता.

बेडूकही गप्प झाला.

मग खालून एक बारीक, लांब शीळ आली. चढत गेली, थरथरली आणि तुटली. ती शीळ कसली, हे चिमाजीला कुणी सांगायला नको होतं. बोटीवर सगळ्यांनी रांगेत उभं राहायची ती खूण होती.

तो वाकला. पाण्यात त्याचा चेहरा होता, मागे आभाळ.

खाली कुणीतरी नावं पुकारत होतं. आवाज लांबचा, पण स्पष्ट.

"ज्योतीराम शिंदे."

"हाजिर."

"रंगराव माने."

"हाजिर."

स्टोकरांची रांग होती. याच क्रमानं पुकारत. चिमाजीला पुढचं नाव माहीत होतं.

मुरारीचं नाव पुकारलं गेलं.

उत्तर आलं नाही. पुकारणारा थांबला. पुन्हा एकदा ते नाव घेतलं. खाली शांतता होती. चिमाजीच्या छातीवरचं काहीतरी उतरलं, डोळ्यांत पाणी आलं. सुटला, त्याला वाटलं. मुरारी सुटला.

"चिमाजी ढवळे."

त्याचं तोंड उघडलं. तोंडातून शब्द येतच होता, तो त्यानं दातांत धरला. दोन्ही हातांनी रहाटाची खुंटी घट्ट पकडून तो गप्प उभा राहिला.

"हाजिर," खालून उत्तर आलं.

आवाज तरुण होता, कोळशाच्या धुळीनं किंचित बसलेला. त्याचा स्वतःचा.

आणि खाली पुढचं नाव पुकारलं गेलं.